सरखेल कान्होजी आंगरे : चरित्र आणि इतिहासातील निर्णायक वळणे

उद्दिष्टे

या घटकाच्या अभ्यासानंतर आपणांस :
- कान्होजी आंगरे यांच्या जीवनातील प्रमुख घटना कालक्रमाने सांगता येतील.
- इतिहासातील निर्णायक वळण कसे ओळखावे, हे एका चरित्राच्या आधारे स्पष्ट करता येईल.
- १७१४ चा तह व १७२१ ची कुलाब्याची लढाई यांचे महत्त्व विशद करता येईल.
- एकाच व्यक्तीला एका कागदात चाचा व दुसऱ्यात राज्याचा अधिकारी का म्हटले जाते, याची चिकित्सा करता येईल.

१. प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, इतिहासाचा अभ्यास करताना आपण अनेक सनावळ्या पाठ करतो. त्यांपैकी बहुतेक तारखा मागे पुढे झाल्या असत्या तरी इतिहासाचा ओघ फारसा बदलला नसता. काही थोड्या घटना मात्र अशा असतात की त्यांच्या आधी अनेक वाटा मोकळ्या होत्या आणि त्यांच्यानंतर त्यांतील काही कायमच्या बंद झाल्या. अशा घटनेला आपण निर्णायक वळण म्हणतो. कोणतीही घटना या कोटीत बसते की नाही हे ठरविण्यासाठी तीन प्रश्न विचारावेत. घटनेच्या आधी संबंधितांपुढे कोणते पर्याय होते? घटनेनंतर कोणते पर्याय उरले नाहीत? आणि त्या निर्णयाची किंमत कोणी मोजली?

हे तीन प्रश्न कोणत्याही देशाच्या इतिहासाला लावता येतात. अमेरिकेतील वसाहतींचा इतिहास अभ्यासताना १७७३ साली बोस्टन बंदरात चहाच्या पेट्या समुद्रात फेकल्या गेल्याचा प्रसंग आपण वाचतो. तो चहा ईस्ट इंडिया कंपनीचा होता. त्या प्रसंगापूर्वी सुमारे साठ वर्षे याच कंपनीशी दर्यावरील हक्कावरून आपल्या अलिबागच्या किनाऱ्यावर एक दीर्घ झगडा चालू होता. त्या झगड्याचे नायक म्हणजे सरखेल कान्होजी आंगरे. त्यांचे चरित्र आपण या घटकात वळणांच्या अंगाने पाहणार आहोत.

२. विषय विवेचन

२.१ किनारा आणि घराणे

आजच्या रायगड जिल्ह्याचा किनारा उत्तरेस उरण व करंजापासून दक्षिणेस हरिहरेश्वरापर्यंत पसरलेला आहे. सतराव्या शतकाच्या अखेरीस या चिंचोळ्या पट्टीवर आणि तिच्या लगत चार सत्ता दाटीवाटीने नांदत होत्या. उत्तरेस मुंबई बेट इंग्रज कंपनीकडे होते. चौल व रेवदंडा पोर्तुगीजांच्या ताब्यात होते. राजपुरीच्या खाडीच्या मुखाशी जंजिऱ्यावर सिद्दी होता आणि तो मोगल बादशहाच्या आरमारी चाकरीत होता. या सर्वांच्या मधोमध अलिबागसमोर कुलाबा आणि थळसमोर खांदेरी ही मराठ्यांची ठाणी होती. खांदेरी तर मुंबई बंदराच्या तोंडाशीच होती. तेथून बंदरात येणाऱ्या व बाहेर पडणाऱ्या गलबतांवर नजर ठेवता येत असे. म्हणूनच १६७९ मध्ये शिवाजी महाराजांनी या बेटावर तट बांधण्यास घेतला तेव्हा मुंबईकर इंग्रजांनी तो रोखण्यासाठी आरमार पाठविले होते. कुलाब्याचे बांधकामही महाराजांनी अखेरच्या काळात हाती घेतले व ते संभाजी महाराजांच्या कारकिर्दीत पुरे झाले.

आंगरे घराण्याचे मूळ आडनाव संकपाळ. आंगरवाडी या गावावरून ते आंगरे म्हणवू लागले. कान्होजींचे वडील तुकोजी शिवाजी महाराजांच्या आरमारी सेवेत होते आणि हर्णैजवळच्या सुवर्णदुर्गाशी त्यांचा संबंध होता. कान्होजींचा जन्म १६६९ च्या सुमाराचा मानला जातो. भरती ओहोटीचे वेळापत्रक, खडकांच्या जागा, वाऱ्याची दिशा, कोळी, भंडारी, खारवी, गाबीत अशा दर्यावर्दी समाजांची बोली व रीतभात हे सारे त्यांनी लहानपणापासून पाहिले. पुढे त्यांच्या आरमाराचे मनुष्यबळ याच समाजांतून उभे राहिले. त्यांचे पुढील यश समजून घेताना ही पार्श्वभूमी ध्यानात ठेवणे आवश्यक आहे.

२.२ पहिले वळण : पडत्या काळातील निष्ठा (१६८९ ते १६९८)

१६८९ हे वर्ष मराठी राज्याच्या दृष्टीने अत्यंत आपत्तीचे होते. मार्च महिन्यात औरंगजेबाने संभाजी महाराजांचा वध करविला. नोव्हेंबरात राजधानी रायगड मोगलांच्या हाती गेली. येसूबाई व बाल शाहू कैद झाले आणि राजाराम महाराज दूर जिंजीस गेले. कोकणातील किल्लेदारांपुढे तेव्हा खरोखरच तीन मार्ग होते. मोगलांची मनसब पत्करावी, सिद्दीशी समेट करावा किंवा ज्याचा राजा शेकडो कोस दूर आहे आणि ज्याचा खजिना रिता आहे अशा राज्यासाठी लढत राहावे.

या धामधुमीच्या वर्षांत कान्होजींचे नाव प्रथम पुढे येते. सुवर्णदुर्गावर सिद्दीचा वेढा पडला असता किल्ल्याचा अधिकारी शत्रूस फितूर होऊ लागला आणि तरुण कान्होजींनी शिबंदीस हाताशी धरून किल्ला राखला, अशी कथा परंपरेने चालत आली आहे. तिचे तपशील बखरींतून आलेले असल्यामुळे ते जपून स्वीकारावेत. मात्र त्यानंतरच्या दशकात कोकणातील गमावलेली ठाणी परत मिळविण्याच्या कामात कान्होजींचा वाटा मोठा होता, याविषयी दुमत नाही. आरमाराचे प्रमुख सिधोजी गुजर यांच्या हाताखाली ते काम करीत होते. १६९८ मध्ये सिधोजींच्या निधनानंतर आरमाराचे आधिपत्य कान्होजींकडे आले आणि सरखेल हे पद त्यांच्या नावाशी कायमचे जोडले गेले. त्यांनी कुलाब्यास आपले मुख्य ठाणे केले. समोरच्या किनाऱ्यावर अलिबागची वस्ती याच काळात वाढीस लागली.

आपले तीन प्रश्न येथे लावून पाहू. या काळात कोकणातील दर्यावर्दी मंडळी मोगल अथवा सिद्दी यांच्या चाकरीत गेली असती तर शिवाजी महाराजांनी उभारलेले आरमार एका पिढीतच संपले असते. ते टिकले ते राजधानीच्या बळावर नव्हे, तर ठाण्याठाण्यांवरील माणसांच्या बळावर. यामुळे आरमार वाचले, परंतु त्याचबरोबर ते मध्यवर्ती सत्तेपासून बरेचसे स्वतंत्रही झाले. पगार, दारूगोळा, जहाजबांधणी यांचा खर्च सरखेलानेच दर्यावरून व आपल्या मुलखातून उभा करावयाचा, ही रीत पडली. तिचे बरे वाईट दोन्ही परिणाम पुढे दिसतात.

२.३ दर्यावरील हक्काचा प्रश्न

कान्होजींचा इंग्रजांशी संघर्ष का झाला हे समजण्यासाठी दस्तकाची पद्धत समजून घ्यावी लागते. दस्तक म्हणजे परवाना. आपल्या किनाऱ्यासमोरून जाणाऱ्या व्यापारी गलबतांनी आपले दस्तक घ्यावे, त्याची फी द्यावी आणि त्या बदल्यात संरक्षण घ्यावे, असे कान्होजींचे म्हणणे होते. दस्तक नसलेले गलबत ते अडवीत आणि माल जप्त करीत. ही कल्पना त्यांनी नव्याने काढलेली नव्हती. पोर्तुगीज सोळाव्या शतकापासून अशाच परवान्याची सक्ती करीत आले होते आणि इंग्रज कंपनीही आपले परवाने देत असे.

भांडण होते ते निशाणाच्या गैरवापरावरून. कंपनीची स्वतःची जहाजे थोडी होती. परंतु कंपनीचे नोकर खाजगी व्यापार करीत, मुंबईचे देशी व्यापारीही आपला माल इंग्रजी निशाणाखाली पाठवीत आणि अशा सर्व जहाजांस मोकळी वाट मिळावी असा मुंबईच्या गव्हर्नरांचा आग्रह असे. कान्होजींच्या दृष्टीने हा त्यांच्या उत्पन्नावरचा व अधिकारावरचा घाला होता. इंग्रजी निशाण लावलेले प्रत्येक जहाज मोकळे सोडले तर दस्तकाला काही अर्थच उरत नव्हता.

१७१२ च्या नोव्हेंबरात हा वाद पेटला. कारवारहून मुंबईकडे येणारे मुंबईच्या गव्हर्नराचे जहाज आंगऱ्यांच्या गलबतांनी पकडले. या चकमकीत कंपनीच्या कारवार वखारीचा प्रमुख मारला गेला व त्याची तरुण पत्नी कैदेत पडली. पुढे तीस हजार रुपये घेऊन तिची सुटका झाली. याच सुमारास, १७१३ च्या आरंभी, दोन्ही पक्षांत समेट झाला. इंग्रज जहाजांस उपद्रव देऊ नये असे कान्होजींनी मान्य केले. जी जहाजे खरोखर इंग्रज व्यापाऱ्यांची आहेत त्यांनाच इंग्रजी निशाण वापरू द्यावे, असे कंपनीने मान्य केले. ही दुसरी अट कान्होजींच्या बाजूची होती, आणि पुढील सर्व तंटे तिच्याच अर्थावरून झाले.

२.४ दुसरे वळण : १७१४ चा तह

१७०७ मध्ये औरंगजेब मृत्यू पावला व शाहू महाराजांची सुटका झाली. १७०८ च्या आरंभी त्यांनी साताऱ्यास राज्याभिषेक करवून घेतला. ताराबाईंनी आपल्या पुत्राच्या नावाने गादीवरील हक्क सोडला नाही. एका राज्याच्या दोन गाद्या झाल्या आणि प्रत्येक सरदारास बाजू निवडणे भाग पडले. कान्होजी ताराबाईंच्या पक्षात राहिले. ज्या सत्तेने त्यांना पडत्या काळात अधिकार दिला तिच्याशी ते बांधलेले होते.

१७१३ मध्ये शाहू महाराजांनी पेशवे बहिरोपंत पिंगळे यांना कान्होजींवर पाठविले. परिणाम उलट झाला. कान्होजींनी पेशव्यांनाच कैद केले आणि लोहगड व राजमाची हे घाटमाथ्यावरील किल्ले घेतले. बोरघाटाच्या वाटेवर त्यांची पकड बसली. आता साताराही त्यांच्या आवाक्यात आहे असे वाटू लागले. यावर उपाय म्हणून शाहू महाराजांनी नोव्हेंबर १७१३ मध्ये बाळाजी विश्वनाथ भट यांना पेशवेपद दिले.

बाळाजींचे घराणे श्रीवर्धनचे, म्हणजे याच किनाऱ्यावरचे. सिद्दीच्या अमलाखालील देशमुखी त्यांच्याकडे होती आणि सिद्दीच्या जाचामुळे त्यांना गाव सोडावे लागले असे सांगितले जाते. कोकणचे राजकारण, सिद्दीचे वैर आणि कान्होजींचा स्वभाव हे सारे त्यांना ठाऊक होते. दोघांचीही ब्रह्मेंद्रस्वामींवर श्रद्धा होती. लढाईऐवजी बोलणी करण्याचा निर्णय बाळाजींनी घेतला आणि १७१४ मध्ये तह घडवून आणला.

तहाच्या अटी अशा होत्या. कान्होजींनी बहिरोपंतांस मुक्त करावे, राजमाची वगळता घाटावर जिंकलेली ठाणी परत करावीत, कोल्हापूरची बाजू सोडून शाहू महाराजांस छत्रपती मानावे. त्या बदल्यात दहा किल्ले, सोळा दुय्यम प्रतीची ठाणी व त्यांखालील गावे त्यांच्याकडे राहतील, आरमाराचे आधिपत्य व सरखेल हे पद कायम होईल. मराठी फौजेच्या पाठिंब्याने पुढे सिद्दीलाही समेटास यावे लागले.

हा तह निर्णायक वळण का मानावा? त्याआधी कान्होजींपुढे स्वतंत्र दर्याराज्य स्थापण्याचा मार्ग होता. त्यांच्याजवळ किल्ले होते, आरमार होते, पेशवा कैदेत होता. हा मार्ग त्यांनी सोडला. तहानंतर ते छत्रपतींच्या राज्याचे अधिकृत आरमारप्रमुख ठरले आणि संकटसमयी घाटावरची फौज मागण्याचा हक्क त्यांना मिळाला. या हक्काचे मोल सात वर्षांनी कळले. शाहू महाराजांनाही या तहाने मोठा लाभ झाला. कोकणातील सर्वांत बलाढ्य विरोधक आपलासा झाल्यावर त्यांच्या गादीस स्थैर्य आले आणि बाळाजी विश्वनाथांस उत्तरेकडे लक्ष देण्यास सवड मिळाली. किंमत मोजली ती ताराबाईंच्या पक्षाने. कान्होजींच्या आधाराशिवाय कोल्हापूरची गादी कोकण किनाऱ्यावर पूर्वीसारखे बळ धरू शकली नाही.

२.५ तिसरे वळण : कुलाब्याची लढाई (१७२१)

२६ डिसेंबर १७१५ रोजी चार्ल्स बून मुंबईचा गव्हर्नर म्हणून आला. त्याने शहराभोवतीचा तट पुरा करण्याचे व लढाऊ जहाजे बांधण्याचे काम जोमाने हाती घेतले. आंगऱ्यांचे बळ मोडणे हे त्याचे मुख्य उद्दिष्ट होते. १७१७ मध्ये त्याने विजयदुर्गावर मोहीम पाठविली, ती फसली. १७१८ मध्ये पावसाळा सरल्यावर खांदेरीवर हल्ला केला, तोही फसला. १७२० मध्ये भक्कम लाकडी तराफ्यावर तोफा चढवून पुन्हा विजयदुर्गावर मोर्चा नेला आणि रिकाम्या हाताने परत फिरावे लागले.

कान्होजींच्या यशाचे रहस्य त्यांच्या जहाजांत व किनाऱ्याच्या ज्ञानात होते. गुराब हे दोन किंवा तीन डोलकाठ्यांचे तोफांचे जहाज. गलबत हे त्याहून लहान, शिडांबरोबर वल्ह्यांवरही चालणारे. दोन्हींचा तळ उथळ असल्याने ती खाड्यांत शिरू शकत. वारा पडला की इंग्रजांची अवजड जहाजे जागीच अडकून पडत. अशा वेळी गलबते गुराबांना दोर लावून ओढीत आणि शत्रूच्या पिछाडीस आणून उभी करीत, जेथे त्याच्या तोफा थोड्या असत. शत्रूचे मोठे जहाज आवरत नाही असे दिसताच सारा ताफा खाडीत किंवा किल्ल्याच्या तोफांच्या आश्रयास जाई. याच पद्धतीला मर्यादाही होती. खोल समुद्रात, सुटलेल्या वाऱ्यात, मोठ्या युरोपीय जहाजांशी समोरासमोर झुंजण्यास ही नौका अपुऱ्या पडत. कान्होजींनी ही मर्यादा ओळखली होती आणि ते सहसा ती ओलांडत नसत.

एकट्याने काम होत नाही हे पाहून बूनने पोर्तुगीजांशी हातमिळवणी केली. १७२१ च्या ऑगस्टमध्ये दोघांचा करार झाला. त्याच सुमारास कमोडोर थॉमस मॅथ्यूज याच्या हाताखाली इंग्लंडच्या राजाच्या आरमारातील युद्धनौका हिंदी महासागरात आल्या होत्या. मादागास्करच्या आसपास तळ देणाऱ्या युरोपीय चाच्यांचा बंदोबस्त हे त्यांचे मूळ काम. ही तुकडीही मोहिमेत सामील झाली. गोव्याचा व्हाइसरॉय स्वतः आला. डिसेंबर १७२१ मध्ये चौलला तळ देऊन जोडफौज कुलाब्याकडे निघाली. कंपनी, इंग्लंडचा राजा व पोर्तुगाल अशा तिघांचे बळ एका मराठी किल्ल्यासमोर एकवटले होते.

येथे १७१४ च्या तहाने आपले फळ दिले. शाहू महाराजांनी कान्होजींच्या मदतीस घोडदळ धाडले. पिलाजी जाधव फौजेसह किनाऱ्यावर उतरले आणि तरुण पेशवे बाजीरावही पाठोपाठ आले. हल्ला करणाऱ्यांची सारी तयारी समुद्रावरून किल्ला घेण्याची होती. पाठीवर जमिनीवरून मराठी स्वार येतील याचा अंदाज त्यांना पुरेसा नव्हता. २४ डिसेंबरच्या सुमारास केलेला तटावरील चढाईचा प्रयत्न उधळला गेला. पोर्तुगीज फळी मराठी स्वारांपुढे मोडली आणि इंग्रजांना तोफा व दारूगोळा टाकून मागे हटावे लागले. स्वतः मॅथ्यूज या मोहिमेत जखमी झाला. पराभवाचे खापर दोन्ही मित्र एकमेकांवर फोडू लागले. जानेवारी १७२२ मध्ये पोर्तुगीजांनी इंग्रजांस बाजूला ठेवून मराठ्यांशी परस्पर तह केला. त्याच महिन्यात बूनही मुंबई सोडून मायदेशी गेला. १७२४ मध्ये डचांनी विजयदुर्गावर आरमार आणले, तेही निष्फळ परतले.

या लढाईचा अर्थ नेमका समजून घ्यावा. कुलाबा एकट्या आरमाराने राखला नाही. किल्ला, गुराबा गलबते व घाटावरची फौज ही तिन्ही एकत्र आली म्हणून तो राहिला. दर्या आणि घाट एकमेकांच्या पाठीशी असतील तोवर किनारा सुरक्षित राहील, हा या प्रसंगाचा धडा होता.

२.६ अखेर आणि वारसा

४ जुलै १७२९ रोजी कान्होजींचे निधन झाले. सुमारे एकतीस वर्षे ते सरखेल होते. त्यांच्या हयातीत कोणत्याही युरोपीय सत्तेला त्यांचा एकही प्रमुख सागरी किल्ला लढून घेता आला नाही. अलिबाग येथे त्यांची समाधी आहे.

त्यांच्या पश्चात वडील पुत्र सेखोजी सरखेल झाले. १७३३ मध्ये तेही वारले आणि भावांत तंटा सुरू झाला. मानाजी कुलाब्यास व संभाजी दक्षिणेकडे, अशी वाटणी झाली. एक आरमार दोन झाले. संभाजींनंतर तुळाजी पुढे आले. ते पराक्रमी होते, परंतु पेशव्यांशी त्यांचे पटेना. नानासाहेब पेशव्यांनी त्यांचा बंदोबस्त करण्यासाठी इंग्रजांची मदत घेतली. १७५५ मध्ये सुवर्णदुर्ग पडला. फेब्रुवारी १७५६ मध्ये वॉटसन व क्लाइव्ह यांनी विजयदुर्ग घेतला आणि त्या बंदरात आंगऱ्यांचे आरमार जळाले. तुळाजींचे पुढचे आयुष्य कैदेत गेले.

१७२१ मध्ये पेशव्यांची फौज कुलाबा राखण्यास धावली होती. पस्तीस वर्षांनी तीच सत्ता इंग्रजांच्या बरोबरीने आंगऱ्यांवर चालून आली. १७१४ ने जुळविलेले नाते अशा रीतीने तुटले. दोष केवळ एका व्यक्तीचा म्हणता येणार नाही. सरखेलपद वंशपरंपरेने चालणारी जहागीर बनले होते. कर्तबगार पुरुषाच्या हाती ते राज्याचे बळ होते, भावबंदकीत ते राज्याचे दुखणे झाले. आरमाराचा खर्च, नेमणूक व जबाबदारी मध्यवर्ती सत्तेने आपल्याकडे घेतली असती तर निराळे घडले असते काय, हा प्रश्न आपण स्वतः विचारात घ्यावा. विजयदुर्ग घेणारे वॉटसन व क्लाइव्ह तेथून पुढे बंगालच्या कामी गेले आणि १७५७ मध्ये प्लासीची लढाई झाली, ही जोडही लक्षात ठेवण्याजोगी आहे.

कुलाब्याचे संस्थान १८४० मध्ये कंपनीने खालसा केले. स्वातंत्र्यानंतर, १९५१ मध्ये, मुंबईतील नौदलाच्या तळास आंग्रे हे नाव देण्यात आले.

२.७ चाचा की आरमारप्रमुख?

इंग्रजी कागदपत्रांत कान्होजींना सर्रास चाचा म्हटलेले आढळते. हा शब्द तपासून पाहू. त्या काळी हिंदी महासागरात खरे चाचे होते. १६९५ मध्ये हेन्री एव्हरी याने हजहून परतणारे मोगलांचे गंज-इ-सवाई हे जहाज लुटले. अमेरिकेतील वसाहतींतून निघालेली जहाजेही या लुटीत होती. न्यूयॉर्कचा विल्यम किड चाच्यांना पकडण्यासाठी म्हणून निघाला, या किनाऱ्यावर स्वतःच लूट करू लागला आणि १७०१ मध्ये लंडनला फासावर गेला. या लोकांना मुलूख नव्हता, रयत नव्हती, कोणत्याही राजाची सनद त्यांच्या लुटीमागे उभी राहत नव्हती.

कान्होजींकडे किल्ले होते, महसुली गावे होती, छत्रपतींनी दिलेले पद होते. त्यांनी तह केले आणि त्यांच्याशी तह केले गेले. ज्याच्याशी कंपनी लेखी करार करते त्याला त्याच कंपनीने चाचा म्हणावे यात विसंगती आहे. हा शब्द वापरण्यात कंपनीचा लाभ होता. चाच्याचा किनाऱ्यावर काही हक्क आहे असे मानण्याचे कारण उरत नाही.

तथापि नायकाचा गौरव करताना दुसरी बाजू झाकू नये. दस्तकाच्या अंमलबजावणीत सामान्य व्यापाऱ्यांचे तांडेल व खलाशी भरडले गेले. माणसे ओलीस धरली गेली आणि त्यांच्या सुटकेसाठी पैसे घेतले गेले. त्या काळच्या इतर सत्तांचीही रीत हीच होती. हे कारण आपल्याला त्यांचे वर्तन समजण्यास साहाय्य करते, परंतु ज्यांचे गलबत गेले त्यांचे नुकसान त्याने भरून येत नाही. चरित्र लिहिणाऱ्याने दोन्ही बाजू मांडाव्यात आणि निर्णय वाचकावर सोपवावा.

३. सारांश

कान्होजी आंगरे यांच्या चरित्रात तीन निर्णायक वळणे दिसतात. १६८९ नंतरच्या निष्ठेने मराठी आरमार टिकले. १७१४ च्या तहाने आरमार व छत्रपतींची गादी एकमेकांस जोडली गेली. १७२१ च्या लढाईत या जोडणीची परीक्षा झाली व ती उतरली. कान्होजींच्या मृत्यूनंतर घराण्यात फूट पडली, पेशव्यांशी वैर आले आणि १७५६ मध्ये विजयदुर्गाच्या बंदरात आरमाराचा अंत झाला. वळण ओळखताना त्याआधीचे पर्याय, नंतर बंद झालेल्या वाटा व मोजलेली किंमत या तीन गोष्टी पाहाव्यात.

४. शब्दार्थ

सरखेल : आरमाराचा प्रमुख.
दस्तक : जलमार्गाने जाण्याचा परवाना.
गुराब : तोफा असलेले दोन वा तीन डोलकाठ्यांचे लढाऊ जहाज.
गलबत : शिडे व वल्ही यांवर चालणारी लहान, चपळ नौका.
शिबंदी : किल्ल्यावरील फौज.
तांडेल : नौकेवरील खलाशांचा प्रमुख.

५. स्वाध्याय

१. १६८९ मध्ये कोकणातील किल्लेदारांपुढे कोणते पर्याय होते, ते लिहा.
२. १७१४ च्या तहातील अटी सांगून त्या दोन्ही पक्षांस का मान्य झाल्या असाव्यात, याची चर्चा करा.
३. इंग्रजी निशाणाचा वापर हा कान्होजी व कंपनी यांच्यातील मुख्य वाद कसा होता, ते स्पष्ट करा.
४. १७२१ चा विजय हा केवळ आरमाराचा विजय नव्हता, या विधानाची चर्चा करा.
५. १७५६ ची घटना निर्णायक वळण ठरते काय? घटकात दिलेले तीन प्रश्न लावून आपले मत सुमारे तीनशे शब्दांत मांडा.

६. क्षेत्रीय कार्य

शक्य असल्यास ओहोटीची वेळ पाहून अलिबागच्या किनाऱ्यावरून कुलाबा किल्ल्यास भेट द्या. पाण्यातून किल्ल्यापर्यंत चालत जाण्यास किती वेळ मिळतो, याची नोंद करा. तटावरून उत्तरेस खांदेरी व उंदेरी यांची दिशा पाहा आणि दक्षिणेस चौलची बाजू न्याहाळा. १७२१ मध्ये चौलहून आलेल्या फौजेला किल्ल्यासमोर भरतीचा व पाठीमागून येणाऱ्या स्वारांचा विचार एकाच वेळी का करावा लागला असेल, यावर एक टिपण तयार करा. किनाऱ्यापासून दूर राहणाऱ्या विद्यार्थ्यांनी हेच टिपण रायगड जिल्ह्याच्या नकाशाच्या आधारे लिहावे.